अ सायलेंट व्हॉइस, सातही खंड: सिनेमा बघितला असला तरी पुस्तकं घ्याच

योशितोकी ओइमाचा 'अ सायलेंट व्हॉइस' हा मांगा, म्हणजे जपानी चित्रकथा, इंग्रजीत सात खंडांत मिळतो. मी सातही घेतले, वाचले, आता घरात एकेक जण वाचतोय. सिनेमा त्याआधी बघितलेला होता आणि बहुतेकांचं तसंच असतं, सिनेमा बघून डोळे पुसायचे आणि झालं, पुस्तकं कशाला घ्यायची. म्हणून मुद्दाम हा रिव्ह्यू लिहितेय. कारण शाळेतल्या छळाबद्दल ओइमाला जे सगळ्यात महत्त्वाचं सांगायचंय त्यातलं बरंचसं सिनेमात आलेलंच नाही. रेटिंग आधीच देऊन टाकते, पाचपैकी साडेचार, अर्धा का कापला ते खाली सांगितलंय. स्पॉयलर आहेत, पहिल्या खंडाचे जास्त.

जपानी गोष्टींमधली दादागिरी आपल्या पोरांना काही नवीन नाही, डोरेमॉन हिंदीत बघतच ती मोठी झालीत. जियान नोबिताला धुतो, सुनिओ बाजूला उभा राहून दात काढतो, नोबिता रडत घरी येतो आणि गॅजेट मागतो. माझ्या भाच्याला जियान चक्क आवडतो आणि मला ते समजतं, कारण एपिसोड संपला की सगळं जिथल्या तिथे येतं, आणि मोठ्या डोरेमॉन सिनेमांमध्ये तर हाच जियान मित्रांसाठी जिवावर उदार होतो. पण हल्ली डोरेमॉन लागला की माझं लक्ष जियानकडे कमी आणि सुनिओकडे जास्त जातं. मारणारा एकच असतो, पण हसणारा कोणीतरी शेजारी लागतोच, नाहीतर मारण्यात मजा नाही. जपानमध्ये योजी मोरिता नावाच्या समाजशास्त्रज्ञाने 1980 च्या दशकात हेच मांडलं, की वर्गातल्या छळात चार थर असतात, ज्याला छळतात तो, छळणारे, भोवती उभे राहून मजा घेणारे आणि त्याच्याही बाहेर मान फिरवून बसलेले. आणि छळ किती वाढणार हे शेवटच्या दोन थरांवर ठरतं. तिकडे इजिमे म्हणतात तो प्रकार बहुतेक वेळा असा असतो, आपल्या रॅगिंगसारखं सीनियर-ज्युनियर नाही, एकाच वर्गातली, एकाच वयाची, काल एकत्र डबा खाल्लेली पोरं. वर्षभर तीच खोली, जेवण तिथेच, झाडलोट पण सगळ्यांनी मिळून तिथलीच, त्यामुळे ज्याला बाहेर काढलंय त्याला जायला जागाच राहत नाही.

आता हे चारही थर किती गोष्टींमध्ये दिसतात ते बघा. योको कामिओचा 'हाना योरी दांगो' हा मांगा 1992 ला सुरू झाला, आपल्याकडे लोकांना त्यावरून केलेली 2009 ची कोरियन 'बॉइज ओव्हर फ्लॉवर्स' जास्त माहीत असेल. त्यात लॉकरमध्ये लाल कार्ड सापडलं की सगळी शाळा त्या मुलावर तुटून पडते. कार्ड देणारा हिरो, आणि पुढे तोच हिरोइनच्या प्रेमात पडतो. मालिका मला आवडते, ती जोडी पण आवडते, पण ज्यांना ज्यांना ते कार्ड मिळालं त्या बाकीच्या पोरांचं पुढे काय झालं हे गोष्ट विचारतच नाही, आणि कार्ड बघून धावत सुटलेली ती शेकडो पोरं गर्दी म्हणून येतात आणि गर्दी म्हणूनच जातात. छळ हा तिथे हिरो-हिरोइनची भेट घडवायचा बहाणा आहे. अशा गोष्टी खूप आहेत. म्हणूनच ओइमाच्या पुस्तकाचं मला इतकं वाटतं, कारण तिने या गर्दीतल्या प्रत्येकाला नाव दिलंय, चेहरा दिलाय, आणि सहा वर्षांनंतर पुन्हा आपल्यासमोर आणून उभं केलंय.

गोष्ट सुरू होते सहावीच्या वर्गात. गावाचं नाव कल्पित आहे पण चित्रातले पूल, पाणी, रस्ते गिफू प्रांतातल्या ओगाकीचे आहेत, ओइमाचं स्वतःचं गाव. वर्गात शोको निशिमिया नावाची नवीन मुलगी येते, तिला ऐकू येत नाही, वही पुढे करून सांगते की माझ्याशी यात लिहून बोला. शोया इशिदा हा कंटाळलेला, उचापती मुलगा तिच्या मागे लागतो. कानामागे जाऊन ओरडणं, नक्कल करणं, वही तळ्यात टाकणं, श्रवणयंत्र ओढून काढून फेकणं, एकदा तर ओढताना कानातून रक्त येतं. पाच महिन्यांत आठ श्रवणयंत्रं जातात, किंमत 17 लाख येन, म्हणजे आपले नऊ-दहा लाख रुपये. इशिदाची आई एकटी सलून चालवून घर चालवते, ती बँकेतून पैसे काढून शोकोच्या आईला देऊन येते आणि परत येते तेव्हा तिच्याही कानातून रक्त येत असतं. तिथे काय झालं ते सरळ सांगितलेलं नाही, कान तेवढा दिसतो.

पण हा पहिला खंड मी पुन्हा वाचला तेव्हा इशिदाकडे कमी बघितलं आणि पानाच्या कडेला कोण कोण आहे ते बघत गेले. आणि मग कळलं की ओइमा काय करतेय. शोको आल्यावर सुरुवातीला सगळे चांगले वागतात, उएनो नावाची मुलगी तर तिला शिक्षक काय बोलले ते लिहून लिहून देते, पण हळूहळू तिचं स्वतःचं ऐकायचं राहायला लागतं, चिडचिड होते. मग किता नावाच्या एक बाई येऊन सांगतात की रोज सकाळी तीन मिनिटं सगळ्यांनी साइन लँग्वेज शिकूया. उएनो म्हणते वहीत लिहिणं सोपं पडतं की. साहारा नावाची साधी मुलगी हात वर करते, मी शिकते म्हणते, आणि त्या एका हात वर करण्याची शिक्षा म्हणून तिच्या कपड्यांवरून, वागण्यावरून टोमणे सुरू होतात आणि ती शाळेत यायची बंद होते. पुढे गाण्याची स्पर्धा, शोकोला मागे ठेवायचं नाही म्हणून किता बाई तिला उभं करतात, वर्ग हरतो, आणि राग सगळा शोकोवर. म्हणजे मोठ्यांनी चांगल्या मनाने गोष्टी वरून लादल्या, पोरांशी आधी बोलले नाहीत, शोकोला काय हवंय हेही विचारलं नाही, आणि हिशोब पोरांनी त्या मुलीशी चुकता केला. हे इतकं बारीक कोणी दाखवलेलं मी तरी वाचलं नव्हतं. माझी आई शिक्षिका होती, तिने हा भाग वाचला आणि किता बाईंवरच जास्त बोलली, की हेतू चांगला असून वर्ग हातातून कसा जातो ते हे आहे.

आणि मग वर्गशिक्षक ताकेउची. याच्यासाठी एकट्यासाठी पुस्तक घ्या म्हणेन मी. इशिदा काय करतोय ते त्याला महिनोन्महिने दिसत असतं. तो दटावल्यासारखं करतो, पण त्या दटावण्यात जीव नसतो हे पोरांना बरोबर कळतं. श्रवणयंत्रांचं प्रकरण शोकोच्या आईने वर नेल्यावर मुख्याध्यापक वर्गात येतात आणि विचारतात, कोणाला काही माहितीये का. क्षणभर कोणी बोलत नाही आणि मग ताकेउचीच ओरडतो, इशिदा, तूच ना तो. सगळं माहीत होतं तर इतके दिवस काय करत होता, हा प्रश्न त्या खोलीत कोणी विचारत नाही. इशिदा गडबडून इतरांची नावं घेतो, उएनो पण होती, कावाई पण, शिमादा आणि हिरोसे पण हसत होते, आणि हे खरंच असतं. पण कावाई रडायला लागते, मी कधी केलं, मी तर थांबवत होते, आणि सगळा वर्ग एका मिनिटात इशिदाच्या विरोधात. दुसऱ्या दिवसापासून इशिदाचे बूट गायब, बाकावर शिव्या लिहिलेल्या, तळ्यात ढकललेला. काल जे शोकोचं चाललं होतं ते आज त्याचं, आणि करणारे त्याचेच मित्र. वर्गाला कोणीतरी एक लागतोच, नाव बदललं एवढंच.

एक छोटा प्रसंग सांगते. इशिदाचा छळ सुरू झाल्यावर तो एकदा सकाळी लवकर येतो तर शोको एक बाक पुसत असते. त्याला वाटतं स्वतःचाच पुसतेय. तो तिच्यावरच ओरडतो, दोघांची मारामारी होते, अगदी केस ओढून, चावून, आणि ती शाळा सोडून जाते. ती गेल्यावर त्याला कळतं की तो बाक त्याचा होता. रोज सकाळी कोणी यायच्या आत ती त्याच्या बाकावर लिहिलेलं पुसून टाकत होती. सिनेमात हे पटकन येऊन जातं, पुस्तकात तुम्ही त्या फ्रेमवर थांबू शकता, मागची पानं उलटून बघू शकता. मी बघितलंय आणि मला तिथे खरंच रडू आलं.

हे असं का लिहिलं गेलं ते कळायला जपानमध्ये काय काय झालंय ते थोडं माहीत पाहिजे. 1986 मध्ये टोकियोच्या नाकानो भागातल्या एका मिडल स्कूलमधल्या मुलाने जीव दिला. त्याआधी वर्गात त्याच्या मरणाचा खेळ केला होता, बाकावर फुलं, त्याचा फोटो, आणि निरोपाच्या कार्डावर पोरांच्या सह्या. त्या सह्यांमध्ये चार शिक्षकांच्या पण होत्या, वर्गशिक्षक धरून. हे वाचल्यावर मला ताकेउची अतिशयोक्ती वाटायचा बंद झाला. मग 2011 ला शिगा प्रांतातल्या ओत्सूमध्ये असंच एका मुलाने जीव दिल्याचं प्रकरण झालं, शाळेने मुलांकडून माहिती घेतली, त्यात पोरांनी काय काय बघितलं ते लिहिलेलं होतं, तरी शाळा आणि शिक्षण मंडळाने ते नीट धसाला लावलं नाही, पुढच्या वर्षी बाहेर आलं तेव्हा देशभर संताप झाला. त्यातून जून 2013 मध्ये छळ रोखण्याचा वेगळा कायदा पास झाला, सप्टेंबरअखेर लागू झाला. आणि मधल्या ऑगस्टमध्ये हा मांगा 'वीकली शोनेन मॅगझिन' मध्ये सुरू झाला, दर आठवड्याला, पोरं हातात घेऊन ट्रेनमध्ये वाचतात त्या साप्ताहिकात.

त्याच्याही आधीची गोष्ट म्हणजे ओइमाला या कथेसाठी 2008 मध्येच नवोदितांचा पुरस्कार मिळालेला होता, पण विषय इतका नाजूक की छापायलाच कोणी धजेना. वकिलांशी बोलणं झालं, कर्णबधिरांच्या राष्ट्रीय महासंघाशी बोलणं झालं, आणि 2011 मध्ये ती एकदाची छापून आली. पुढे लांब मालिका झाली, ती नोव्हेंबर 2014 पर्यंत चालली, 2015 ला तेझुका ओसामू पुरस्कारांमध्ये नव्या लेखकांचा पुरस्कार मिळाला. ओइमाची आई साइन लँग्वेजची दुभाषी आहे, मालिकेतल्या हातांच्या खुणांसाठी तिचीच मदत झाली आणि ते चित्रात कळतं, बोटं कुठे आहेत, हात कुठून कुठे गेला, सगळं काळजीने काढलंय.

छळाची सरकारी व्याख्या पण गंमतशीर पद्धतीने बदलत गेलीये, म्हणजे सुरुवातीला शाळेने खात्री केलेली असेल तरच तो छळ धरायचे, 1994 मध्ये ती अट काढली आणि 2006 पासून ज्याच्यावर बेततं त्या मुलाला काय वाटतं त्यावरून ठरवायचं असं आलं. 2023 च्या शैक्षणिक वर्षात जपानच्या शाळांनी 7,32,568 प्रकरणं नोंदवली, त्यातली बरीचशी प्राथमिक शाळेतली. आकडा बघून घाबरायला होतं पण त्यातला एक भाग असा आहे की आता लपवण्यापेक्षा नोंदवा असं शाळांना सांगितलं जातं. तरीही पहिल्या खंडातला तो वर्ग आठवला की वाटतं, शोकोच्या आईने तक्रार केली नसती तर तिथे नोंद काय झाली असती.

दुसऱ्या खंडापासून सगळे सतरा-अठरा वर्षांचे होतात. इशिदा एकटा पडलाय, लोकांच्या तोंडाकडे बघत नाही, म्हणून चित्रात सगळ्यांच्या चेहऱ्यांवर मोठी फुली. कोणी जवळचं झालं की फुली गळून पडते. तो शोकोला शोधून काढतो, साइन लँग्वेज शिकून आलेला असतो, माफी मागायची असते. इथून पुढे पुस्तक एकच प्रश्न धरून बसतं, की तू बदललास ठीक आहे, पण जिचं झालं तिला त्याने काय मिळालं? आणि उत्तर घाईने देत नाही. शोकोची धाकटी बहीण युझुरू त्याला दारातून हाकलते तेव्हा मला बरं वाटलं होतं, कोणीतरी हाकलायलाच पाहिजे होतं. मधल्या एका खंडात शोकोच्या आईची जुनी गोष्ट येते, मुलीला ऐकू येत नाही म्हटल्यावर सासरच्यांनी काय केलं, मागच्या जन्माचं काढलं आणि नवरा सोडून गेला. हे वाचताना जपान लांब वाटत नाही, मागच्या जन्माचं पाप हे आपल्याकडेही किती घरांत ऐकवलं गेलंय.

आता कावाईबद्दल लिहायलाच पाहिजे कारण माझ्या मते हे पुस्तकातलं सगळ्यात अवघड आणि सगळ्यात खरं पात्र आहे. ती मोठी झाली तरी गोड, हुशार, वर्गात सगळ्यांची लाडकी. आपण त्यात नव्हतोच यावर तिचा मनापासून विश्वास आहे. खोटं बोलतेय असं नाही, तिला तसंच आठवतं. एकदा इशिदाचं जुनं प्रकरण ती सगळ्यांसमोर उघडं पाडते आणि तेव्हाही रडत असते. उएनो निदान कबूल करते, तिला शोको आवडत नाही, ती तोंडावर सांगते, मारते पण. कावाई कधीच काही करत नाही, फक्त हसलेली असते, शेजारी उभी असते. वाचकांचा सगळा राग उएनोवर निघतो आणि मला दर वेळी म्हणावंसं वाटतं, थांबा, कावाईकडे बघा. कारण आपल्यातले बहुतेक जण शाळेत इशिदा नव्हते आणि शोको पण नव्हते. मी माझ्या वर्गातली एक मुलगी आठवत राहिले, जिच्या शेजारी कोणी बसायचं नाही, तिला कोणी मारलं नाही, शिव्या दिल्या नाहीत, फक्त तिच्या बाकावर जागा असायची आणि आम्ही तिघी दुसऱ्या बाकावर दाटीवाटीने बसायचो.

सहावा खंड हा पूर्ण सेटचा कळस. इशिदा हॉस्पिटलमध्ये आहे आणि प्रत्येक प्रकरण एकेकाच्या डोळ्यांतून येतं, इशिदाचा हायस्कूलमधला मित्र नागात्सुका, साहारा, कावाई, हायस्कूलच्या वर्गातला माशिबा, उएनो, आणि मग शोको. तिच्या प्रकरणात लोक बोलतात ते फुगे दिसतात पण अक्षरं अर्धवट, पुसलेली, तुटकी, काहीतरी आहे पण हाताला लागत नाही. पाच खंड सगळे तिच्याबद्दल बोललेले असतात, आणि आता कळतं की यातलं तिच्यापर्यंत किती पोचत होतं. अर्ध्या तुटलेल्या वाक्यांतून अंदाज बांधत वाचावं लागतं, डोकं दुखतं, आणि तिचा रोजचा दिवस असा जातो हे तिथे अंगावर येतं. सिनेमात या खंडाचा बराचसा भाग नाही.

म्हणजे सिनेमा वाईट आहे असं अजिबात नाही. क्योटो ॲनिमेशनचा, नाओको यामादाने दिग्दर्शित केलेला, सप्टेंबर 2016 चा, दोन तास दहा मिनिटांचा. केन्सुके उशिओचं संगीत तर असं की पियानोच्या आतली लाकडाची खुटखुट पण ऐकू येते, इयरफोन लावूनच बघा. पण सात खंडांचं दोन तासांत करताना जे गळलंय त्यात पोरांनी मिळून सिनेमा काढायचा अख्खा भाग गेलाय, आणि त्याच्याबरोबर ताकेउचीची दुसरी भेट पण गेली. पुस्तकात ही मंडळी शूटिंगसाठी परवानगी मागायला जुन्या शाळेत जातात आणि ताकेउची भेटतो. तसाच. इतक्या वर्षांनी एक शब्द खेदाचा नाही, उलट शोकोला ऐकू येत नाही म्हणून तिच्यासमोरच काहीबाही बोलतो. माशिबा, जो स्वतः लहानपणी छळला गेलाय, त्याच्यावर पाणी ओततो. सिनेमात हे नसल्यामुळे शिक्षक पहिल्या अर्ध्या तासात येऊन निघून जातो आणि मग सगळं ओझं पोरांनी एकमेकांची माफी मागून उचलायचं राहतं. सिनेमा बघून बाहेर पडताना वाटतं ही दोन मुलांची गोष्ट होती. पुस्तक वाचल्यावर तसं वाटत नाही, पुस्तक वाचल्यावर वाटतं त्या शाळेतल्या मोठ्या माणसांना कोणी विचारायला पाहिजे होतं.

आता अर्धा मार्क कशाचा कापला. शोकोचा राग. ती चुकलं नसताना माफी मागते, सतत हसते, आणि ओइमा हे जाणूनबुजून दाखवते, की ही सवय तिला जगायला लागलीये आणि ती आतून स्वतःचाच तिरस्कार करते. फेरीस व्हीलमध्ये उएनो तिला सगळं ऐकवते तेव्हा ती तेच सांगते, मला मीच आवडत नाही. ते सगळं कळलं. पण सात खंडांत तिने एकदा तरी बसून इशिदाला सांगायला पाहिजे होतं की तू माझं काय केलंस. सहावीतल्या त्या मारामारीत ती जितकी मोकळी होते तितकी पुन्हा होत नाही, आणि ती त्याच्या प्रेमात पडते हे मला आजही पूर्ण पचलेलं नाही. तसंच हॉस्पिटलबाहेर उएनो तिला ज्या पद्धतीने मारते त्याचा हिशोब पण फार लवकर मिटवलाय. ज्यांच्यावर शाळेत असं काही गुदरलंय अशा वाचकांना हे खटकू शकतं, आणि खटकलं तर चूक त्यांची नाही.

ज्यांना तो राग पाहिजे त्यांनी मिएको कावाकामीची 'हेवन' ही कादंबरी वाचावी, 2009 ची आहे, इंग्रजीत 2021 ला आली आणि 2022 ला इंटरनॅशनल बुकरच्या शॉर्टलिस्टमध्ये होती. डोळ्याने तिरळा असलेला एक चौदा वर्षांचा मुलगा आणि वर्गातली तशीच छळली जाणारी कोजिमा. त्यात एका छळणाऱ्याशी बोलणं आहे जिथे तो शांतपणे सांगतो की याला काही कारण वगैरे नाही, आम्ही करू शकतो म्हणून करतो. ते वाचून मी पुस्तक मिटून ठेवलं होतं. ओइमाच्या जगात प्रत्येकाला काहीतरी कारण असतं, कावाकामीच्या जगात नसतं, दोन्ही वाचली पाहिजेत. केइको सुएनोबूचा 'लाइफ' पण याच विषयावर, वीस खंड, 2007 ला त्यावर टीव्ही मालिका पण आली, पण त्यात प्रसंगांवर प्रसंग इतके भयानक होत जातात की शेवटी वर्ग राहत नाही, नुसता सूड राहतो. मला तो झेपला नाही.

आणि शिक्षक चांगला बघायचा असेल तर चिका उमिनोचा 'मार्च कम्स इन लाइक अ लायन', त्यात हिनाता मैत्रिणीची बाजू घेते म्हणून तिच्यावर पाळी येते, तिची वर्गशिक्षिका अक्षरशः कोसळते आणि मग दुसरे सर वर्ग हातात घेतात, सोपं काही होत नाही, त्यांनाही घाम फुटतो, पण ते रोज येऊन उभे राहतात. मिझुकी त्सुजिमुराची 'लोनली कॅसल इन द मिरर' मधली मुलगी तर शाळेत जायचंच बंद करते आणि पुस्तक तिला भित्री म्हणत नाही, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते. घरात शाळेला जायला नको म्हणणारं मूल असेल तर आधी ती वाचा, स्वतः वाचा, मग त्याला द्या.

पुस्तकांबद्दल थोडं. मांगा उजवीकडून डावीकडे वाचायचा असतो, पहिली काही पानं अडखळायला होतं मग सवय लागते. कागद साधा आहे, चित्रं काळीपांढरी. मला एक खंड कोपरा दुमडून आला, बदलून मिळायला जरा फोनाफोनी करावी लागली, तेव्हा पार्सल उघडताना व्हिडिओ काढून ठेवा. इंग्रजी सोपं आहे, आठवी-नववीतल्या पोरांना आरामात वाचता येईल. पण आत्महत्येचा विषय यात मध्यवर्ती आहे, इशिदाच्या बाजूने सुरुवातीलाच येतो आणि नंतर शोकोच्या बाजूने, त्यामुळे तेरा-चौदाच्या आतल्या मुलांना एकटं वाचायला देऊ नका, आणि मोठ्यांपैकी कोणी त्या काळातून गेलं असेल तर त्यांना आधी सांगून द्या. कार्टूनचं पुस्तक म्हणून वाढदिवसाला देऊन मोकळे होऊ नका प्लीज.

फिजिकलच घ्या असं म्हणेन, फोनवर त्या पुसलेल्या अक्षरांच्या पानांचा आणि हातांच्या खुणांचा घोळ होतो, झूम करत बसावं लागतं. एकदम सातही परवडत नसतील तर आधी पहिले दोन घ्या, पहिला एकटा घेतलात तर नुसता छळ वाचून हातात काही उरणार नाही. मग तीन आणि चार. पाचवा आणि सहावा मात्र एकत्रच मागवा, पाचवा जिथे संपतो तिथे डिलिव्हरीची वाट बघत बसणं फार त्रासाचं आहे, आणि सातव्यात ती सगळी पोरं वीस वर्षांची होऊन सज्ञान झाल्याच्या गावच्या समारंभाला जमतात ते सिनेमात नाहीच, तेव्हा तो वगळून पैसे वाचवायला जाऊ नका.